बुटांचा सिनेमा

"हात टेकला तुझा. परत कर."

चौदा वर्षं झाली, हा आवाज माझ्या कानात ठाण मांडून बसलाय. हाकलला तरी हलत नाही.

तो आला पाठीमागून. मी पुढे निघून गेले होते, स्केटबोर्डच्या चार चाकांवर, दोन्ही हात आभाळात, तोंडाने नुसता आरडाओरडा. जुन्या पोस्टाच्या मागच्या पटांगणात संध्याकाळचं ऊन पिकल्या पानासारखं आडवं पडलं होतं. तिथे तेरा पायऱ्या होत्या, पायऱ्यांच्या कडेला लोखंडी रेलिंग होतं, आणि त्या रेलिंगवरून मी नुकतीच उतरले होते. उताराकडे पाठ करून उडी घ्यायची, फळीचं पोट लोखंडावर आडवं टाकायचं, तेरा पायऱ्या तशीच घसरत यायचं आणि शेवटी न बघता जमिनीवर उतरायचं. त्या रेलिंगवर ते तसं कुणी केलं नव्हतं. मुलींनी नाही आणि मुलांनीही नाही.

मी वळून विचारलं, "दादा, झालं! झालं ना?"

त्यावर तो जे म्हणाला, ते पहिल्याच ओळीत लिहून टाकलंय.

मी परत केलं. त्या खेपेला रेलिंगच्या मधोमध फळी अडकली, मी सहा पायऱ्या हवेतून खाली आले आणि उजवा घोटा असा फिरला की माझीच टाच मला समोरून दिसली. त्या घोट्यात आता धातूची एक पट्टी आणि सात स्क्रू आहेत. गारठा पडला की ते आपापसात बोलतात.

दादा माझा सख्खा थोरला भाऊ, पाच वर्षांनी मोठा. आम्हा सात जणांची टोळी होती आणि टोळीचा कॅमेरा त्याच्याकडे असायचा. स्केटबोर्डला आम्ही फळी म्हणायचो. शाळेतून, कामावरून सुटलो की फळ्या काखेत मारून रस्त्यावर. कुठे गुळगुळीत फरशी आहे, कुठल्या दुकानासमोरचा कट्टा घासायला बरा, कुठला रखवालदार दुपारी डुलक्या घेतो, सगळं तोंडपाठ. आणि त्या सगळ्याचा आम्ही सिनेमा करायचो. प्रत्येकाला सिनेमात आपला वाटा मिळायचा, तीन मिनिटांचा, एका गाण्याचा. शेवटचा वाटा ज्याला मिळेल तो टोळीचा मुकुट.

बाहेरच्याला हे पोरखेळ वाटेल. वाटू दे. पण फळीच्या दुनियेत एक कायदा आहे, कुठे लिहिलेला नाही आणि कुणी मोडत नाही. टेपवर आहे ते झालं. टेपवर नाही ते झालंच नाही. तुम्ही एकट्याने गच्चीवरून उडी मारून चंद्राला हात लावून आलात तरी लोक विचारणार, "टेप कुठाय?" आणि दुसरा कायदा असा की उतरताना हात जमिनीला टेकला तर ते धरायचं नाही. नुसतं बोट टेकलं तरी नाही. टेकला की नाही, ते कॅमेऱ्यामागचा डोळा सांगणार.

म्हणून मी वाद घातला नाही. डोळा माझ्या भावाचा होता.

पण मला आठवत होतं. मला दोन्ही तळव्यांना वारा लागलेला आठवत होता! दवाखान्यात पाय उंच टांगून पडले होते तेव्हा मी हातांचे तळवे डोळ्यांसमोर धरले. खरचटलेलं दिसलं असतं तर हात टेकला, नसतं तर नाही, एवढा साधा हिशोब. पण नंतरच्या पडण्यात दोन्ही तळवे सोलवटून निघाले होते. पुरावा माझ्याच कातडीवरून पुसला गेला होता.

आईला म्हटलं, "आई, माझा हात टेकला नव्हता."

आई सफरचंद कापत होती. म्हणाली, "भाऊ सांगतोय ना टेकला म्हणून? मग टेकला असेल. त्याला काय पडलंय खोटं बोलायचं?"

खरंच, त्याला काय पडलं होतं? मीही स्वतःला हेच विचारलं आणि गप्प बसले. माणूस स्वतःच्या तळहातावर अविश्वास दाखवायला शिकला की मग त्याला काहीही शिकवता येतं.

सहा महिन्यांनी सिनेमा आला. नाव 'उतार'. एका सायकलच्या दुकानामागच्या खोलीत पांढरी चादर लावून दाखवला. साठेक लोक दाटीवाटीने बसले होते, मी कुबड्या घेऊन पुढे. शेवटचा वाटा उंटाला गेला होता. उंट म्हणजे आमच्यातला सगळ्यांत लांब पायांचा, दादाचा जिवलग. माझ्या वाट्याला तीन मिनिटं सोडा, चाळीस सेकंदही आले नाहीत. पण प्रत्येक सिनेमाच्या शेवटी एक पडझड असते, कोण कुठे कसा आपटला त्याची माळ. त्या माळेचा मेरुमणी मी होते. माझं पडणं तीन वेळा दाखवलं. एकदा सरळ, एकदा सावकाश, एकदा उलटं, म्हणजे मी जमिनीवरून उठून हवेतून मागे रेलिंगवर जाते असं. लोक "आई गं!" म्हणून ओरडले आणि मग हसले. दादाने संकलन केलं होतं. सुंदर केलं होतं, हेच वाईट.

तोवर टोळीत मला सगळे 'वारा' म्हणायचे. त्या दिवसापासून 'धप्प' म्हणायला लागले.

*

आता मी फळ्या बनवते. कारखाना म्हणजे एक लांबट पत्र्याची शेड, दोन खिडक्या, लाकडाच्या भुशाचा वास. लाकडाचे पातळ सात पापुद्रे घ्यायचे, प्रत्येकाला सरस लावायचा, एकावर एक रचायचे आणि दाबयंत्रात घालून आवळायचे. सुकले की आकार कापायचा, आठ भोकं पाडायची, कडा घासायच्या. घासताना मी गुणगुणते. आजीकडून जात्यावरच्या चाली आल्या, शब्द माझे मीच घालते:

सात पापुद्र्यांची फळी, सरस आत भिनला
सात स्क्रूंचा घोटा, माझा कुणी गं विणला

शेडचे मालक म्हणजे मिस्त्री. जन्मभर दारं-खिडक्या केल्या, या म्हातारपणी फळ्यांच्या नादी लागले. रोज एकदा तरी म्हणतात, "एवढ्या मायेने बनवायची आणि या पोरांनी लोखंडावर घासून तिचे दोन तुकडे करायचे. दरवाजे केले असते तर लोकांनी निदान उघडून लावून घेतले असते."

"मिस्त्री, दरवाज्यावर कुणी उड्या मारत नाही."

"म्हणूनच तर टिकतात!"

फळी घ्यायला येणारी नवी पोरंपोरी माझ्याकडे टक लावून बघतात. एकमेकांना कोपर मारतात. मग एखादी धीर करून विचारते, "ताई, तुम्हीच ना त्या? पोस्टाच्या पायऱ्यांवरच्या?"

"कोणत्या?"

"त्या... पडलेल्या."

माझं ते पडणं आता फोनाफोनांतून फिरतं. त्याला कुणी मांजराचं ओरडणं लावलंय, कुणी तबल्याची थाप. मी हसून आठ स्क्रूंची पुडी हातात देते आणि ती बाहेर गेली की दाबयंत्राचं चाक गरजेपेक्षा दोन फेरे जास्त आवळते. मिस्त्रींनी एकदा पाहिलं. म्हणाले, "अगं, राग माणसावर काढ, लाकडाचा जीव जाईल."

आणि दादा? दादा जाहिरातींचं चित्रीकरण करतो आणि स्पर्धांमध्ये परीक्षक म्हणून बसतो. कुणाचा हात टेकला, कुणाचा नाही, यावर भांडण झालं की लोक म्हणतात, दादाला विचारा, दादाचा डोळा चुकत नाही. हे वाक्य मी माझ्या या कानांनी दहा वेळा ऐकलंय. आमचं जाणं-येणं आहे. सणासमारंभाला एका ताटाला बसतो. तो मला अजून 'बारके' म्हणतो आणि माझा घोटा दुखतोय का म्हणून विचारतो, दर खेपेला, न चुकता. मला वाटायचं, माया आहे.

*

या वर्षी एक बाई शेडमध्ये आली. केसांच्या अंबाड्यात पेन्सिल खोचलेली, खांद्याला जड पिशवी. म्हणाली, जुन्या टोळ्यांवर माहितीपट करतेय. तिला मी फिल्मवालीच म्हणते, तिलाही ते आवडतं.

"ताई, मला तुमचं ते पडणं हवंय," ती म्हणाली.

"ते सगळ्यांकडे आहे. फुकट मिळतं."

"तसं नाही हो. म्हणजे पडण्याची गोष्ट. तुमच्या तोंडून."

"पडण्याची गोष्ट काय असते? वर होते, खाली आले." माझा आवाज चढला. मला स्वतःलाच नवल वाटलं, इतका चढला. "चौदा वर्षं सगळे पडलीस कशी विचारतायत. त्याच्या आधीच्या खेपेला मी उतरले होते, बाई! उभी होते! त्याबद्दल कुणी विचारायला तयार नाही, कारण दादा म्हणाला हात टेकला."

तिने अंबाड्यातली पेन्सिल काढली. मग म्हणाली, "मग कच्च्या टेप बघू या की. टेकला असेल तर दिसेल, नसेल तर दिसेल."

"त्या ओल लागून गेल्या. दादानेच सांगितलं."

"मला पण तसंच म्हणाले ते," फिल्मवाली म्हणाली. "बरं, जुने फोटो तरी?"

फोटो दादाकडे होते. सुट्टीच्या दिवशी सकाळीच मी त्याच्या घरी गेले. तो स्पर्धेला गेलेला. वहिनी इस्त्री करत होती, कपड्यांचा ढीग कमरेएवढा.

"फोटो होय? कपाटावरच्या निळ्या पेटीत असतील," वहिनी म्हणाली. "जपून काढ हो. त्यात ह्याच्या त्या कॅसेटी आहेत. मला हातसुद्धा लावू देत नाही. माझ्यापेक्षा त्यांच्यावर जीव जास्त."

मी स्टुलावर चढले होते. तशीच थांबले. "कुठल्या कॅसेटी?"

"तुमच्या त्या जुन्या, फळीच्या."

"त्या ओलीने गेल्या ना?"

"ओल?" वहिनी हसली. "अगं, दर दोन महिन्यांनी पेटीतल्या डांबराच्या गोळ्या बदलतो तो. माझ्या शालूला कसर लागली तेव्हा नाही बदलल्या!"

पेटी उघडली. डांबराच्या गोळ्यांचा वास नाकात गेला. अकरा कॅसेटी, प्रत्येकीवर दादाच्या सुबक अक्षरात चिठ्ठी. एकीवर लिहिलं होतं, 'पोस्ट – ३'. मी ती पदराआड लपवली नाही, पिशवीतही टाकली नाही. हातात धरून वहिनीसमोरून घेऊन गेले. "वहिनी, ही नेतेय." ती म्हणाली, "ने की, तुझीच तर आहे." बिचारीला काय माहीत, ती किती खरं बोलली.

*

पुढचं सांगण्याआधी एक सांगायला हवं, नाहीतर बाहेरच्याला कळणार नाही.

त्या काळच्या कॅमेऱ्याला एकच लाल बटण असायचं. एकदा दाबलं की चालू, परत दाबलं की बंद. माणूस दिवसभर उकिडवा बसून दाबत असतो: ती निघाली, दाब, ती पडली, दाब, ती निघाली, दाब. मधेच एखादं दाबणं हुकतं किंवा एक जास्त होतं, आणि तिथून पुढे सगळं उलटं पडतं. चालू करतोय वाटतं तेव्हा तो बंद करत असतो, बंद करतोय वाटतं तेव्हा चालू. घरी येऊन टेप लावावी तर एकही उडी नाही. नुसती जमीन, कॅमेरा हातात लोंबकळत असताना दिसलेले बूट, कुणाचं तरी थुंकणं, पायऱ्या चढणारी पाठ. आम्ही त्याला बुटांचा सिनेमा म्हणायचो. ज्याच्या हातून तो होईल त्याने आठवडाभर स्वतःचे बूट नाडीने बांधून गळ्यात अडकवून फिरायचं, अशी शिक्षा. उंटाने एकदा फिरवले होते. पार त्याच्या होणाऱ्या सासऱ्यासमोरसुद्धा. दादाच्या हातून ते कधीच झालं नव्हतं. तो त्याचा तोरा होता.

फिल्मवालीची खोली तिसऱ्या मजल्यावर होती. दोन टेबलं, एक जुना टेप चालवायचा डबा, खिडकीत वाळत घातलेले मोजे. तिने 'पोस्ट – ३' आत सरकवली.

पडद्यावर जमीन आली. दादाचे बूट आले. माझी पाठ आली, फळी हातात धरून पायऱ्या चढणारी, एकवीस वर्षांची, घोट्यात स्क्रू नसलेली. दादाचा आवाज, "जरा डावीकडून घे." मी वर पोचले, फळी खाली टाकली, चाकांचा खडखडाट सुरू झाला, आणि चित्र तुटलं.

परत जमीन. परत बूट. मी गुडघा चोळत उठतेय. परत चढतेय. फळी खाली, खडखडाट, तुटलं.

"हे काय आहे?" फिल्मवाली म्हणाली. "प्रत्येक वेळी नेमकं सुरू व्हायच्या आत..."

मला तिसऱ्या तुकड्यालाच कळलं होतं. फळीवाल्या कुणालाही कळलं असतं.

असे सोळा तुकडे. मग सतरावा.

सतरावा तुकडा सुरू झाला तो माझ्या पाठीवर, पण ही पाठ चढत नव्हती. ती फळीवर उभी होती, पटांगणात दूर दूर सरकत होती, दोन्ही हात वर. मी उतरल्यावर दादाने 'बंद' करायला बटण दाबलं, आणि कॅमेरा तेव्हा चालू झाला. म्हणजे माझं उतरणं टेपवर नाही. उतरल्यानंतरचा आनंद तेवढा आहे.

मग चित्र गर्रकन फिरलं. आभाळ, भिंत, आणि दादाचा चेहरा. त्याने लाल दिवा बघायला कॅमेरा स्वतःकडे वळवला होता. ते भिंग माशाच्या डोळ्यासारखं फुगीर होतं, त्यामुळे नाक हे एवढं, कपाळ मागे पळालेलं. आणि डोळे. दिवा बघितला, आणि डोळ्यांत कळलं. एखाद्या माणसाला कळतं त्या क्षणाचं एवढं जवळून चित्र मी पुन्हा कुठे पाहिलं नाही. त्याचे ओठ नुसते हलले.

दुरून माझा आवाज आला. "दादा, झालं! झालं ना?"

चेहरा तसाच. एक. दोन. तीन सेकंद. मी मोजले. पुन्हा मागे नेऊन मोजले.

मग, "हात टेकला तुझा. परत कर."

तुटलं.

अठरावा तुकडा पूर्ण आहे. त्यात मी निघते, उडते, अडकते, पडते. त्यात सगळं आहे. तो तुम्ही सगळ्यांनी पाहिलाय.

फिल्मवालीने डबा बंद केला. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. माझ्या नव्हतं. माझ्या अंगात असा संताप उभा राहिला होता की पाण्याला जागाच नव्हती. तीन सेकंद! माणूस घाबरून एका सेकंदात खोटं बोलला असता तर मी म्हटलं असतं, तोंडातून निसटलं. तीन सेकंदांत माणूस विचार करतो. तीन सेकंदांत माझ्या घोट्याचा भाव ठरला.

"ताई, आता काय करायचं?"

"त्याला बोलवायचं," मी म्हटलं. "मुलाखतीला. शेडमध्ये. हे पाहिलंय म्हणून सांगायचं नाही. मला बघायचंय, चौदा वर्षांनी संधी दिली तर तो काय करतो."

*

दादा आला तो नवा शर्ट घालून. मिस्त्रींना वाकून नमस्कार, मला टपली. "काय बारके, घोटा काय म्हणतो?"

"बोलतोय बराच."

दाबयंत्रासमोर दोन खुर्च्या मांडल्या होत्या. फिल्मवालीने कॅमेरा तिवईवर लावला. लाल दिवा लागला. ती म्हणाली, "त्या दिवसाबद्दल सांगा ना."

दादाला बोलायला छान येतं. त्याने पोस्ट उभं केलं, ऊन उभं केलं, त्या दिवशी आम्ही तिघंच होतो आणि उंट पुढच्या दाराशी रखवालदाराला गप्पांत गुंतवून बसला होता ते सांगून आम्हाला हसवलं. मग आवाज उतरवला. "हिने ते जवळजवळ केलं होतं हो. हात टेकला बिचारीचा. मी तर म्हटलं, राहू दे, उजेड गेला, उद्या बघू. पण ही ऐकते का? जिद्द! म्हणाली, आत्ताच करणार. मला आजही वाटतं, मी तिला अडवायला हवं होतं."

मिस्त्री कोपऱ्यात कडा घासत होते. त्यांचा हात थांबला.

जुन्या खोट्याची मी तयारी करून आले होते. हे नवं होतं. जिद्द! माझ्या मोडक्या पायावर तो माझीच जिद्द चढवत होता, आणि वरून स्वतः हळहळत होता.

"उद्या बघू म्हणालास?" मी म्हटलं.

"म्हणालोच की. तुला आठवत नसेल, तू शुद्धीत कुठे होतीस."

"पोस्ट – तीन," मी म्हटलं.

त्याला आधी कळलं नाही. मग कळलं. तोच चेहरा, चौदा वर्षांनी जाड झालेला, कानांवर पांढरे केस. ओठ हलले, आवाज नाही.

"कॅमेरा बंद करा जरा," तो फिल्मवालीला म्हणाला.

"बंद करायचा नाही," मी म्हटलं.

"बारके, घरी बोलू. हे घरचं आहे."

"घरचं? माझं पडणं तू साठ लोकांत तीन वेळा दाखवलंस! उलटं करून दाखवलंस! ते घरचं नव्हतं?"

"हळू बोल, लोक आहेत."

"लोक हवेतच मला. चौदा वर्षं लोक मला पडलेली ताई म्हणतात, आणि तुला म्हणतात, दादाचा डोळा चुकत नाही. आई मरेपर्यंत मला म्हणत राहिली, उगाच भावावर रुसू नकोस. तिला तरी सांगायचंस! रात्रंदिवस तिने माझा पाय शेकला, तेव्हा तू दारात उभा असायचास. आणि मी? मी स्वतःचे तळवे बघत बसायचे, वेड्यासारखी. मला वाटायला लागलं होतं की माझ्या हातांनाच खोटं बोलायची सवय आहे."

तो उठला. खुर्ची मागे सरकली. मला वाटलं गेला. मिस्त्री दारात जाऊन उभे राहिले होते, हातात रंधा. त्यांना आडवं व्हायचं नव्हतं बहुतेक, पण जागाही ते सोडत नव्हते.

"तू जा," मी म्हटलं. "दार उघडं आहे, मिस्त्री सरकतील. पण मग पुन्हा माझा घोटा कसा आहे म्हणून विचारायला येऊ नकोस. टेप तर माझ्याकडे आहेच, मी ती सगळ्यांना दाखवू शकते. पण टेपवर माझं उतरणं नाही, दादा. ते बघितलेलं माणूस या जगात एकच आहे. ते तुझ्याकडेच आहे. ते दे."

तो उभाच राहिला. शेडच्या पत्र्यावर कबुतरं चालत होती, त्यांची नखं ऐकू येत होती. मग तो बसला. माझ्याकडे बघितलं नाही. कॅमेऱ्याकडेही नाही. जमिनीवर भुसा होता, त्याच्याकडे बघून बोलायला लागला.

"बूट गळ्यात घालायला लागले असते म्हणून," तो म्हणाला.

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं.

"एवढंच कारण आहे. मोठं काही नाही. मी पुष्कळ वर्षं मोठं कारण शोधलं. सिनेमासाठी, तुझ्या भल्यासाठी, टेपवर नसेल तर तुलाच कुणी मानणार नाही म्हणून. तसं काही नव्हतं. दिवा बघितला आणि उंटाचं हसणं ऐकू आलं. तो तिथे नव्हता, तरी ऐकू आलं. म्हटलं, हिला काय, ही परत करेल, कुणाला कळणार पण नाही. तू दुसऱ्यांदा उतरली असतीस तर विषय संपला असता. उद्या बघू मी म्हणालो नाही. तू म्हणालीस. पाय थकलेत, उद्या करू, असं तू म्हणालीस आणि मी म्हटलं, ऊन जाईल, आत्ताच कर."

हे मला खरंच आठवत नव्हतं. माझं हेही त्याने ठेवून घेतलं होतं. मुठी आवळल्या गेल्या, पण त्याला मध्ये तोडायचं नव्हतं.

"मग तू पडलीस. मग रोज वाटायचं, उद्या सांगू. पाय बरा झाला की सांगू. आई गेली की सांगू, तिला त्रास नको. मग लोक डोळा, डोळा म्हणायला लागले." त्याने नाक पुसलं. "टेप फेकायला दोनदा घेऊन गेलो. पुलापर्यंत."

"दादा," मी म्हटलं, "कारण नको मला."

त्याने पहिल्यांदा मान वर केली.

"चारही चाकं एकदम टेकली," तो म्हणाला. "तू गुडघ्यात एवढीशी वाकलीस, आणि सरळ झालीस. हलली पण नाहीस. मी इतक्या वर्षांत इतकं स्वच्छ उतरताना कुणाला पाहिलं नाही. तुझा हात कुठेही टेकला नव्हता."